काळियाच्या फण्यावरची मुलगी

फाळक्यांच्या चित्रपटांविषयी मराठीत जे लेखन झाले आहे ते बहुतेक आरतीच्या सुरात झाले आहे. आद्य, जनक, महर्षी, पितामह ही विशेषणे एकदा ओवाळून झाली की समीक्षा संपते. विम्याची पॉलिसी गहाण ठेवली, बायकोचे दागिने मोडले, डोळे जाता जाता वाचले, ही कष्टांची जंत्री खरी आहे आणि तिच्याविषयी मला आदर आहे. ज्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या कष्टाखेरीज दुसरे भांडवल नव्हते त्यांच्यापैकी मी एक. कष्टाला मी कमी लेखणार नाही. पण कष्ट केले म्हणून कलाकृतीला प्रश्नच विचारायचा नाही, हा न्याय कुठला? आमच्या कवींनी, आत्मकथनकारांनी काय कमी सोसले होते? त्यांच्या लेखनाला मात्र प्रस्थापित समीक्षेने पहिला प्रश्न विचारला तो शिल्पाचा आणि भाषेच्या सभ्यतेचा. तेव्हा एकच माप दोघांना लावू या.

अर्थात दोष आमच्याकडेही आहे. आम्ही कवितेवर लिहिले, कथेवर लिहिले, आत्मकथनांवर तर इतके लिहिले की मूळ पुस्तकापेक्षा चर्चा जाड झाली. सिनेमाकडे मात्र पाठ फिरवली. १९७३ साली आमच्या यवतमाळला अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले, अध्यक्ष ग. दि. माडगूळकर. चित्रपटांच्या कथा आणि गाणी लिहिणारा माणूस त्या खुर्चीवर बसला. तरी सिनेमा हा वाङ्मयीन विचाराचा विषय आहे हे आमच्या ध्यानात आले नाही. वस्तीतला माणूस पुस्तकाआधी सिनेमा पाहतो. वणीच्या रंगनाथस्वामींच्या जत्रेत तंबूतल्या पडद्यासमोर मातीवर बसून मी देवांना पहिल्यांदा चालता-बोलताना पाहिले. पुराण मला कुणा शास्त्र्याने नव्हे, सिनेमाने शिकवले. मग त्याची झाडाझडती घेण्याचे काम आम्ही कोणावर सोडले होते?

या लेखात मला खुद्द फाळक्यांविषयी थोडे आणि त्यांच्या मुलीविषयी जास्त लिहायचे आहे. मंदाकिनी फाळके. भारतीय पडद्यावरची पहिली बालनटी म्हणून तिचे नाव घेतले जाते. ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) आणि ‘कालियामर्दन’ (१९१९) या चित्रपटांत बाळकृष्ण झाली ती हीच मुलगी.

१९१२ साली फाळके लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन आले. बिऱ्हाड दादरच्या मेन रोडवर मथुरा भवन या बंगल्यात. सरस्वतीबाई फिल्मला भोके पाडीत, फिल्म धूत, आणि वर साऱ्या मंडळींचा स्वयंपाक करीत. कॅमेरा नीट चालतो की नाही हे पाहायला फाळक्यांनी बंगल्याच्या आवारातली मुलेमुली टिपली. सावेदादा भाटवडेकरांनी त्याआधी १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली होती. पण ती बाहेरची, जाहीर गोष्ट होती. फाळक्यांच्या यंत्राने पहिल्यांदा पाहिले ते अंगण आणि अंगणातली पोरे. पुढे मोठे पौराणिक चित्रपट आले तरी त्यांच्या पोटात हे घरच राहिले. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लोकांपुढे आला. त्यात रोहिदास झाला तो त्यांचा मुलगा भालचंद्र. पडद्यावर मरायला आपले मूल द्यायला कोणी आईबाप तयार नव्हते, म्हणून स्वतःचे दिले असे सांगतात. बाहेरगावच्या चित्रीकरणात हा मुलगा खेळता खेळता दगडावर पडला, डोक्याला मार लागून बेशुद्ध झाला; काम थांबवून मुंबईला परतावे असे बरोबरची माणसे म्हणू लागली; पण रोहिदास मेलेलाच दाखवायचा होता, तेव्हा फाळक्यांनी त्या बेशुद्ध मुलावरच दृश्य टिपले, अशी हकीकत त्यांच्या चरित्रात येते. सांगणारे ती निष्ठेचा दाखला म्हणून सांगतात. मला ती वाचताना त्या पोराचे कपाळ दिसते. बापाचे दुःख खोटे नसेल; पण त्या क्षणी मूल हे मूल राहिले नव्हते. ते कथेचे साहित्य झाले होते.

आणि कथा तरी कोणती? राजाला डोंबाच्या घरी चाकरी करावी लागली, ही त्या कथेची सर्वांत मोठी आपत्ती. राज्य गेले, बायको विकली, मूल मेले, या साऱ्यांच्या वर चांडाळाचे दास्य. मार्कंडेय पुराणात तर अखेरीस तो चांडाळ चांडाळ नसतोच. खुद्द धर्म वेष बदलून आलेला असतो. म्हणजे राजाला विकत घेण्याइतकी ऐपत असलेला एक चांडाळ पुराणकाराच्या हातून चुकून निर्माण झाला होता, तोही शेवटी त्याने काढून घेतला. स्मशानात प्रेतांमागून प्रेते जाळणाऱ्या त्या माणसाच्या झोपडीत एखादे पोर असेल, त्यालाही ताप येत असेल, हा विचार त्या कथेला शिवत नाही. शिवेल कसा?

‘राजा हरिश्चंद्रा’ची जी दोन रिळे उरली आहेत ती १९१३ ची की फाळक्यांनीच १९१७ साली पुन्हा केलेल्या चित्रपटाची, याबद्दल अभ्यासकांत वाद आहे. म्हणून त्यावर मी फार काही उभारत नाही. ‘कालियामर्दना’चा मात्र बराच भाग हाती आहे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायरांनी फाळके कुटुंबीयांकडे चिकाटीने खेटे घालून ही रिळे मिळवली, म्हणून आज ती पाहता येतात. नायरांचे ऋण मोठे आहे. जपले नाही तर झगडायचे तरी कशाशी?

मी हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला १९८४ च्या उन्हाळ्यात, पुण्याच्या रसास्वाद वर्गात. जिल्हा परिषदेच्या शाळेतला मास्तर, रजा काढून गेलो होतो. चित्रपट सुरू झाला आणि कथेच्या आधीच एक अनपेक्षित गोष्ट घडली. पाटी येते की सात वर्षांच्या एका गुणी मुलीचे हे मुद्राभिनयाचे दर्शन आहे. मग पडदाभर त्या मुलीचा चेहरा. कॅमेरा हलत नाही. मुलगी हसते, रुसते, रागावते, घाबरते, रडायला येते, पुन्हा हसते. कॅमेऱ्याच्या बाजूला उभे राहून बाप काहीतरी सांगत असावा असे तिच्या नजरेवरून वाटत राहते. आणि मग हीच मुलगी मुकुट घालून कृष्ण होते, गोकुळ सुरू होते.

वर्गात या सुरुवातीविषयी जे बोलले गेले ते तंत्राचे होते. दिग्दर्शक प्रेक्षकाला आधी नट दाखवतो आणि मग पात्र, हे त्या काळात किती पुढचे होते, वगैरे. ते बरोबरही असेल. पण माझे मत तेव्हाही वेगळे होते आणि आज चाळीस वर्षांनी ते पक्के झाले आहे. हा तुकडा म्हणजे चित्रपटाची प्रस्तावना नव्हे. चित्रपटातली सर्वांत खरी गोष्ट तीच आहे. बाकीचे पुराण आहे, हे घर आहे. एका बापाने आपल्या मुलीचा चेहरा जपून ठेवला आहे. मुकुट चढला की ती मुलगी आपल्या हातून जाते.

मला हे असे का वाटले, ते सांगितल्याशिवाय पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. माझ्या पाठची एक बहीण होती. १९६४ च्या उन्हाळ्यात हगवणीने दोन दिवसांत गेली. ती सात वर्षांची होती. गावात विहीर होती, पण आमच्या बायाबापड्यांनी काठापासून दूर घागर ठेवायची आणि कोणी वरून पाणी घालील तर घालील, अशी रीत. म्हणून वस्ती उन्हाळ्यात नाल्यातल्या झिऱ्यावर जगायची. बहिणीचा फोटो नाही. माझाही पहिला फोटो निघाला तो मॅट्रिकच्या फॉर्मसाठी, यवतमाळच्या एका स्टुडिओत, दुसऱ्याचा कोट घालून. माय मात्र बहिणीची आठवण निघाली की तिचे तोंड करून दाखवायची. रुसली की अशी करायची, भाकर मागताना अशी बघायची, खोटे बोलली की असा ओठ मुडपायची. पडद्यावर मंदाकिनीचा चेहरा एकामागून एक भाव बदलू लागला तेव्हा मला वर्गातल्या चर्चेतले काही ऐकू आले नाही. आमच्याकडे ते रीळ मायच्या चेहऱ्यावर होते. ती १९९१ साली गेली.

या व्यक्तिगत गोष्टीचे मी भांडवल करणार नाही. वेदनेचे भांडवल करण्याची खोड आमच्या लेखनाला लागली होती आणि तिने नुकसानच केले. पण स्मृतीची साधने कोणाच्या हातात होती हा व्यक्तिगत प्रश्न नाही. तो जमिनीच्या प्रश्नाइतकाच सामाजिक आहे. साल पाहा. यशवंतराव आंबेडकरांचा जन्म १२ डिसेंबर १९१२ चा. दादरच्या बंगल्यात कॅमेऱ्यापुढे मुले खेळत होती ते हेच वर्ष. परळची बी.आय.टी. चाळ तिथून चालत जाण्याच्या अंतरावर. जुलै १९१३ मध्ये बाबासाहेब न्यूयॉर्कला पोचले. मागे रमाईने जे दिवस काढले ते सर्वांना ठाऊक आहेत. गंगाधर, रमेश, इंदू, राजरत्न, अशी चार मुले त्या घरातून एकामागून एक गेली. त्यांच्यावर कोणी कॅमेरा रोखला नाही. जो माणूस पुढे साऱ्या देशाची घटना लिहिणार होता त्याच्या मुलांचे हसणे-रडणे आज कोणालाही पाहता येत नाही.

आता चित्रपटाच्या मुख्य भागाकडे येतो. गोकुळातल्या खोड्या गमतीच्या आहेत. लोणी चोरणे, पोरांची टोळी जमवणे, रात्री एका सावकारी थाटाच्या गृहस्थाच्या घरात शिरून त्याची दाढी आणि बायकोचे केस एकत्र बांधून ठेवणे. इथे मंदाकिनी खेळते आहे, अभिनय करते आहे असे वाटत नाही. तिच्या डोळ्यांतला खट्याळपणा कुठल्याही गावातल्या कुठल्याही पोरीचा आहे. मग चेंडूसारखा हलका चाललेला चित्रपट यमुनेच्या डोहापाशी येतो. कृष्ण पाण्यात उडी घेतो, काळियाशी झुंजतो, काठावर गोकुळ आक्रोश करते, नागाच्या बायका हात जोडतात, आणि शेवटी ती सात वर्षांची मुलगी फण्यावर उभी राहून वर येते. कॅमेऱ्याच्या करामतीसाठी या दृश्याचे कौतुक होते. करामत आहेच.

पण काळियाचा गुन्हा काय? त्याने पाणी बाटवले, हा. भागवतातली कथा नीट वाचा. काळिया यमुनेचा मूळ रहिवासी नव्हे. गरुडाच्या भयाने रमणक द्वीप सोडून, जिथे गरुडाला येता येत नाही अशा एका डोहात तो बायकापोरांसह येऊन राहिलेला आहे. म्हणजे विस्थापित आहे. त्याच्या असण्याने पाणी विषारी होते. म्हणून त्याला चिरडायचे, आणि शरण आल्यावर शिक्षा कोणती, तर हे पाणी सोडून चालता हो. तिथे काळिया जे बोलतो ते तर कान देऊन ऐकण्यासारखे आहे. आम्ही जन्मानेच असे आहोत, ज्याने सृष्टी घडवली त्यानेच आमचा हा स्वभाव घडवला, मग तो आम्ही टाकावा कसा, असा त्याचा सवाल आहे. पुराणात चातुर्वर्ण्याला इतका नेमका प्रश्न क्वचितच विचारला गेला असेल, आणि तो विचारायला पुराणकाराने साप निवडला! उत्तर मिळत नाही. हुकूम मिळतो.

कोणी म्हणेल की हे ओढूनताणून आहे. काळियाच्या विषाने गाई आणि गुराखी खरोखर मरतात. मान्य. पुराणात मरतात. पण हाकलून देण्याची प्रत्येक कथा विषापासूनच सुरू होते. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. त्या पाण्यात कोणते विष पडले होते? तरी महाडच्या सवर्णांनी दूध, दही, शेण, गोमूत्र घागरीघागरींनी ओतून, मंत्र म्हणून ते तळे ‘शुद्ध’ केले. तळे सार्वजनिक असल्याचा निकाल हायकोर्टातून मिळायला मार्च १९३७ उजाडला. ‘कालियामर्दन’ १९१९ चा. त्याच वर्षाच्या जानेवारीत बाबासाहेब साउथबरो समितीपुढे अस्पृश्यांच्या मताधिकारासाठी साक्ष देत होते. एकीकडे माणूसपणाची नोंद मागणारी साक्ष, दुसरीकडे पाणी बाटवणाऱ्याला चिरडण्याचा उत्सव. आणि हा उत्सव कोणी दुष्टाव्याने केला नव्हता. घराघरांत सांगितली जाणारी, लेकरांना झोपवताना सांगितली जाणारी गोड गोष्ट होती ती. दहशत गोड असते तेव्हा ती अधिक खोल जाते.

नाग म्हटले की आमच्या विदर्भात आणखी एक धागा हलतो. नागपंचमीच्या आधी इथल्या गावोगावची माणसे पचमढीच्या नागद्वारला जात. पंचमीला ढोलकीवर नागाच्या बाऱ्या रंगत. नागाला इथे दूध-लाह्या दाखवतात, त्याला चिरडल्याचा आनंद करीत नाहीत. बाबासाहेबांनी ‘द अनटचेबल्स’ (१९४८) मध्ये नागांचा विचार केला आहेच. आणि धम्मदीक्षेच्या दुसऱ्या दिवशी, १५ ऑक्टोबर १९५६ रोजी, नागपूर का निवडले हे सांगताना त्यांनी बौद्ध धर्म पसरवणाऱ्या नाग लोकांचे आणि त्यांना नष्ट करू पाहणाऱ्या आर्यांचे स्मरण करून दिले. नाग लोक नेमके कोण, याचा इतिहासकारांनी खुशाल वाद घालावा. मी समीक्षेचा प्रश्न विचारतो आहे: हे दृश्य पाहताना प्रेक्षकाने कुठे उभे राहायचे? फाळक्यांच्या चित्रपटात जागा दोनच आहेत. काठावर टाळ्या वाजवणाऱ्या गोकुळात, नाहीतर पायाखाली. जत्रेतल्या तंबूत मीही गोकुळात उभा राहून टाळ्या वाजवल्या आहेत. पुढे वाचता-लिहिता झालो तेव्हा कळले की मी माझ्याच डोक्यावरच्या नाचाला टाळ्या दिल्या.

मग त्या मुलीचे काय करायचे? तिच्यावर रागवायचे? हा लेख मुख्यतः याच प्रश्नासाठी लिहिला. तिला तिथे बापाने उभे केले होते. सात वर्षांच्या मुलीला भागवत ठाऊक नव्हते, मनुस्मृती ठाऊक नव्हती. समोर कॅमेरा होता आणि शेजारी ‘आता हास’ म्हणणारा बाप. तिने जे केले त्याला कला म्हणतात, पण ते कामही होते. कापूस वेचणीच्या दिवसांत आमच्या जिल्ह्यातल्या शाळांचे वर्ग निम्मे रिकामे होत. मी ते हजेरीपत्रकावर वर्षानुवर्षे पाहिले. ओटीत कापूस भरणाऱ्या त्या पोरींच्या कामाला कोणी गुणदर्शन म्हटले नाही, हा फरक आहेच. पण मोठ्या माणसांच्या गरजेसाठी मूल वापरले जाते, एवढे दोन्हीकडे सारखे.

शिवाय, ज्या इतिहासाने तिला देव म्हणून टिपले त्याने पुढे तिला सोडून दिले. चित्रपटाच्या पुस्तकांत मंदाकिनी सात वर्षांचीच राहते. हिंदुस्थान फिल्म कंपनीत फाळक्यांचे भागीदारांशी पटेना, ते १९१९ मध्ये बाहेर पडून काशीला गेले, परत आले, पुन्हा चित्रपट केले, १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला वारले. बापाची तारीख न्‌ तारीख छापलेली आहे. मुलीची कथा फण्यावर उभी राहून संपते. त्या काळी चांगल्या घरच्या बाया पडद्यावर येत नसत, तारामती अण्णा साळुंके नावाच्या पुरुषाने केली होती. लहान मुलगी चालली, कारण ती अजून बाई झालेली नव्हती आणि तिला मुलगा करून दाखवता येत होते. तिच्यातली मुलगी दोनदा पुसली गेली. आधी मुकुटाने, मग वयाने. तिचे पुसले जाणे आणि माझ्या बहिणीचे पुसले जाणे मी एका पारड्यात घालत नाही. एकीचा चेहरा उरला आणि चरित्र गेले. दुसरीचे दोन्ही गेले. दुःखाची अशी सरसकट बेरीज करणे हा मध्यमवर्गीय भाबडेपणा आहे. पण दोघींना पुसणारा हात एकाच व्यवस्थेचा आहे, हेही नाकारता येत नाही.

अलीकडे परेश मोकाशींच्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ने (२००९) या साऱ्या घरगुती खटाटोपाची हसतीखेळती गोष्ट केली. चित्रपट निगुतीने केलेला आहे आणि मला आवडला. पण त्यातल्या घराला गावकूस नाही, बाहेर कोणी उभे असल्याची शंकाही नाही. त्याच्या उलट नागराज मंजुळेंचा ‘फँड्री’. २०१३ मध्ये, म्हणजे ‘राजा हरिश्चंद्रा’ला शंभर वर्षे होत असताना, तो महोत्सवांत दाखवला गेला, चित्रपटगृहांत आला फेब्रुवारी २०१४ मध्ये. त्यातला जब्या काम शिकलेला बालनट नव्हे, हलगी वाजवणारा पोरगा. शाळेच्या भिंतीवर बाबासाहेबांचे चित्र आहे आणि त्यासमोरून पोरगा मेलेले डुक्कर वाहून नेतो आहे. शेवटी तो दगड उचलतो आणि आपल्याकडे, कॅमेऱ्याकडे भिरकावतो. शंभर वर्षांत मराठी पडद्यावरचे मूल बापाच्या सांगण्यावरून हसण्यापासून इथवर आले. कॅमेऱ्याकडे बघण्याची दोन मुलांची ही दोन टोके शेजारी ठेवून कोणी सविस्तर लिहावे. मला इथे तेवढी जागा नाही.

आणि आपले काय? आता वस्तीतल्या प्रत्येक घरात मोबाइल आहे. बाळाचे पहिले पाऊल, नामकरण, वाढदिवस, सारे टिपले जाते. मला त्याचा आनंद आहे. माझ्या नातीचे रडणेसुद्धा माझ्या खिशात आहे. पण चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत पाच-सहा वर्षांच्या पोरांना निळा कोट, टाय, चष्मा चढवून, हातात पुस्तक देऊन, बोट वर करून ट्रॅक्टरवर उभे करतात आणि तासन्‌तास उन्हात चित्रण चालते, तेव्हा मी अस्वस्थ होतो. पोराला तहान लागलेली असते. त्याला खाली उतरायचे असते. आपण त्याला सांगतो, बोट खाली करू नको. ज्या माणसाने विभूतिपूजेविरुद्ध घटनासमितीत बजावले त्याचाच मुकुट करून आपण पोरांच्या डोक्यावर ठेवतो. फाळक्यांना मी जो प्रश्न विचारला तो आपल्या ट्रॅक्टरलाही विचारला पाहिजे. हे लिहिल्याने वस्तीतले काही तरुण माझ्यावर रागावतील; रागावू देत, चर्चा तरी होईल.

गेल्या पावसाळ्यात, वर्षावासाच्या दिवसांत, आमच्या विहारात एका संध्याकाळी मी ‘कालियामर्दन’ भिंतीवर लावला. पोरांनी लॅपटॉप आणि प्रोजेक्टर जमवला. म्हाताऱ्या बायका पुढे बसल्या. आमची आत्याबाई ऐंशीच्या पुढे गेलेली, डोळ्याला कमी दिसते, पण कुतूहल शाबूत. मुकुट घातलेला कृष्ण पाहून ती म्हणाली, “हे त पोट्टी हाय न!”

“हो आत्याबाई, ज्यानं सिनेमा काढला त्याची पोरगी.”

“मंग तिले पोरगा काऊन केलं?”

मी काहीतरी सांगितले. ते तिला पटल्याचे दिसले नाही. पुढे डोह आला, झुंज झाली, मुलगी फण्यावर उभी राहिली. पोरे हसत होती, कारण साप कापडाचा आहे हे आजच्या पोरांना लगेच कळते. आत्याबाईने विचारले, “त्यानं काय केलं होतं?”

“पाणी बाटवलं म्हणे.”

ती गप्प झाली. पडद्यावर नागाच्या बायका हात जोडून उभ्या होत्या. बऱ्याच वेळाने ती म्हणाली, “मंग त्यानं राहावं कुठी?”

इतक्या वर्षांत या चित्रपटावर मी जे वाचले त्यात हा प्रश्न मला कुठे भेटला नाही. संपल्यावर पोरे सामान आवरू लागली, तर ती उठेना. म्हणाली, “बाबू, ते सुरूचं लाव बरं एकडाव. ते पोट्टी नुसती हासते न रडते, ते.” पोरांनी पुन्हा वायरी जोडल्या. ती भिंतीपाशी सरकून बसली आणि मुलीचा चेहरा हलू लागला तसे तिचेही ओठ हलू लागले.